परिणाम नेमका कशाचा? बालसखी, होशंगाबाद आणि आपले ‘परिणामकारकता’वाले प्रबंध

शिक्षणशास्त्रात पीएच.डी.ची तयारी करणाऱ्यांचे सिनॉप्सिस चाळले की एक शीर्षक हमखास भेटतं: ‘इयत्ता आठवीच्या विद्यार्थ्यांसाठी विज्ञान विषयातील कृतियुक्त अध्यापन पद्धतीच्या परिणामकारकतेचा अभ्यास’. इयत्ता बदलते, विषय बदलतो, ‘कृतियुक्त’च्या जागी कधी ‘ज्ञानरचनावादी’ येतं, कधी ‘टाकाऊपासून टिकाऊ खेळणी’. आतला सांगाडा मात्र तोच असतो. एका शाळेतल्या दोन तुकड्या घ्यायच्या. आठवी अ हा प्रायोगिक गट, आठवी ब हा नियंत्रित गट. पूर्वचाचणी, पंधरा-वीस दिवसांचं अध्यापन, उत्तरचाचणी. मग ‘टी’चं मूल्य काढायचं, ते ०.०५ पातळीवर सार्थक येतं, शून्य परिकल्पनेचा त्याग होतो आणि शेवटच्या प्रकरणात ‘शिक्षकांनी या पद्धतीचा अवलंब करावा’ अशी शिफारस येते.

या प्रकारच्या अभ्यासात शून्य परिकल्पना टिकलेली फार क्वचित दिसते. नवीन पद्धत प्रत्येक वेळी जिंकते. आता विचार करा. गेली कित्येक दशकं प्रत्येक पद्धत परिणामकारक ठरत असेल, तर आपल्या शाळांमधली निम्मी पोरं पाचवीत दुसरीचा उतारा अडखळत का वाचतात?

अ तुकडीला बहुतेक वेळा संशोधक स्वतः शिकवतो. तो उत्साहात असतो, महिनाभर तयारी करून आलेला असतो, आणि मुलांना वर्गात नवा चेहरा दिसतो. ब तुकडीला नेहमीचे सर शिकवतात, ज्यांना आपण ‘पारंपरिक पद्धत’ असं एक शिक्का मारलेलं नाव देऊन टाकतो. चाचणीही संशोधकानेच केलेली असते, म्हणजे अ तुकडीत जे करून घेतलं तेच चाचणीत विचारलेलं असतं. फरक तर पडणारच. पण तो पद्धतीमुळे पडला, की माणसामुळे, की नव्या चेहऱ्यामुळे, की प्रश्नपत्रिकेमुळे? ‘टी’ला यातलं काहीच कळत नाही. त्याच्यापुढे दोन सरासऱ्या असतात, एवढंच.

हा दोष फक्त आपल्याकडच्या छोट्या प्रबंधांचा आहे असं मला वाटत नाही. जगात गाजलेल्या अभ्यासातही तोच प्रश्न वेगळ्या, सुधारलेल्या रूपात शिल्लक राहतो. म्हणून आज एक गाजलेला पेपर जरा सावकाश वाचू. तो मुंबईशी जोडलेला आहे, हे आपल्या सोयीचं.

अभिजित बॅनर्जी, शॉन कोल, एस्थर डुफ्लो आणि ली लिंडन यांचा ‘रेमेडिइंग एज्युकेशन’ हा पेपर २००७ मध्ये ‘क्वार्टर्ली जर्नल ऑफ इकॉनॉमिक्स’मध्ये आला. लेखकांपैकी दोघांना पुढे २०१९ मध्ये मायकेल क्रेमर यांच्यासोबत अर्थशास्त्राचं नोबेल मिळालं. प्रयोग मुंबई आणि वडोदरा इथल्या महापालिका शाळांमध्ये ‘प्रथम’ या संस्थेबरोबर केला होता. कल्पना अगदी साधी. वस्तीतलीच, शालेय शिक्षण पूर्ण केलेली एखादी तरुणी घ्यायची. तिला दोनेक आठवड्यांचं प्रशिक्षण द्यायचं. वर्गात मागे पडलेली पंधरा-वीस मुलं रोज सुमारे दोन तास तिच्याकडे पाठवायची. तिने त्यांना अक्षरओळख, वाचन, बेरीज-वजाबाकी हे पायाचं शिकवायचं. तीच बालसखी.

मला यातली सगळ्यात आवडलेली गोष्ट म्हणजे वडोदऱ्यातली मांडणी. शाळांचे चिठ्ठ्या टाकावं तसे दोन गट पाडले. पहिल्या गटातल्या शाळांना तिसरीसाठी बालसखी मिळाली, दुसऱ्या गटातल्या शाळांना चौथीसाठी. पुढच्या वर्षी अदलाबदल. म्हणजे कुठलीच शाळा रिकाम्या हाताने राहिली नाही. तुलना झाली ती पहिल्या गटातल्या तिसरीची दुसऱ्या गटातल्या तिसरीशी. ‘तुमच्या शाळेला काही देणार नाही, पण चाचणी मात्र घेणार’ असं मुख्याध्यापकांना सांगावं लागलं नाही. फील्डवर गेलेल्या कुणालाही विचारा, याची किंमत काय असते ते.

आता आकडा. बालसखी असलेल्या वर्गातल्या सगळ्या मुलांची सरासरी ०.२८ प्रमाण विचलनाने वाढली. हा आकडा परीक्षेत पाठ म्हणून लिहिला जातो, त्याचा अर्थ फारसा कुणी सांगत नाही. गुणांचं वाटप घंटेच्या आकाराचं आहे असं धरा. शंभर मुलांच्या रांगेत बरोबर मध्यावर, पन्नासाव्या जागी उभं असलेलं मूल ०.२८ ने सरकलं, तर ते साधारण एकसष्टाव्या जागी जातं. वाईट नाही. शिवाय ही पूर्ण वर्गाची सरासरी आहे, आणि बालसखीकडे गेलेली मुलं वर्गाचा एक भागच होती. फायदा जवळजवळ सगळा त्यांनाच झाला.

आणि इथे या पेपरचं खरं मोल आहे. मागे पडलेली मुलं दोन तास बाहेर गेली की मूळ वर्ग आपोआप लहान होतो. त्या लहान वर्गात उरलेल्या मुलांना काही फायदा झाला का? पेपरला तो सापडला नाही. म्हणजे ‘पटसंख्या कमी करा, सगळं सुधारेल’ हे जे आपण सहज बोलून जातो, त्याला इथे तरी आधार मिळत नाही. एका प्रयोगातून दोन प्रश्नांची उत्तरं काढण्याची ही हातोटी शिकून घ्यावी अशीच आहे.

त्याच पेपरमध्ये दुसराही प्रयोग आहे. वडोदऱ्यात चौथीच्या मुलांना आठवड्यातून दोन तास कॉम्प्युटरवर गणिताचे खेळ दिले, एका कॉम्प्युटरवर दोन मुलं. गणितात ०.४७ ची वाढ. आकडा बालसखीपेक्षा मोठा, पण लेखकांच्याच हिशेबाने बालसखीचा खर्च मुलामागे वर्षाला सुमारे २.२५ डॉलर आणि कॉम्प्युटरचा सुमारे १५ डॉलर. रुपयामागे किती शिकलं असं विचारलं, तर बालसखी सरस ठरते.

इथे मात्र मला थांबावंसं वाटतं. बालसखी स्वस्त का आहे? तिला महिन्याला ५०० ते ७५० रुपये मिळत होते म्हणून. पेपरच्या तक्त्यात हा ‘खर्च’ आहे. वस्तीतल्या त्या मुलीसाठी ती मजुरी आहे, आणि दहावी-बारावी झालेल्या मुलीला घराजवळ दुसरं काम मिळत नाही म्हणूनच ती एवढी कमी आहे. अंगणवाडी सेविका, आशाताई यांच्या मानधनाचं गणित ज्यांनी घरात पाहिलंय त्यांना हे वेगळं सांगायला नको. ‘किफायतशीर’ हा शब्द वाचला की तक्त्याच्या त्या रकान्यात कोण बसलंय ते बघायची सवय लावून घ्या. उद्या हाच कार्यक्रम सरकारने कायमचा केला आणि बालसखींनी रास्त पगार मागितला, तर २.२५ हा आकडा राहील का? प्रयोगाच्या निष्कर्षात ही अट लिहिलेली नसते.

दुसरी गोष्ट पेपरने स्वतःच प्रामाणिकपणे सांगितली आहे. कार्यक्रम संपून एक वर्ष झाल्यावर पुन्हा चाचणी घेतली, तेव्हा फायदा उरला होता साधारण ०.१० एवढा. पन्नासावं मूल आता चोपन्नाव्या जागी. आपल्या नोट्समध्ये ०.२८ राहतो, ०.१० गळून पडतो. पेपरच्या सारांशातच दोन्ही आहेत, तरीही.

पण माझा मुख्य आक्षेप पेपरपेक्षा तो ज्या पद्धतीने उद्धृत होतो त्यावर आहे. ‘उपचारात्मक अध्यापन परिणामकारक आहे’ असं एक वाक्य यातून काढलं जातं. बालसखी म्हणजे निव्वळ उपचारात्मक अध्यापन होतं का? त्यात लहान गट होता. वेगळा माणूस होता, मुलांच्याच वस्तीतला. वेगळी जागा होती. रोजचे दोन तास राखून ठेवलेले होते, ज्यात पाठ्यपुस्तक पूर्ण करायचं ओझं नव्हतं. आणि मागून ‘प्रथम’चे लोक येऊन बघत होते. एवढी सगळी मोट एकत्र बांधलेली. ०.२८ हा त्या मोटेचा आकडा आहे. यादृच्छिक निवड आपल्याला खात्रीने सांगते की फरक मोटेमुळे पडला. मोटेतल्या कुठल्या जिनसामुळे पडला, हे ती सांगू शकत नाही.

हे कळायला पुढची दहा वर्षं लागली, आणि बरीचशी त्याच मंडळींनी लावली, याचं श्रेय त्यांना द्यायलाच हवं. २०१७ मध्ये ‘जर्नल ऑफ इकॉनॉमिक पर्स्पेक्टिव्ह्ज’मध्ये आलेल्या पेपरात (लेखकांत ‘प्रथम’च्या रुक्मिणी बॅनर्जीही आहेत) ही सगळी वाटचाल मांडली आहे. माझ्या मते संशोधनाची तयारी करणाऱ्याने आधी हा वाचावा आणि मग २००७ चा.

बिहारमध्ये उन्हाळी शिबिर घेतलं. शिकवायला सरकारी शिक्षकच होते. मुलं शिकली. म्हणजे ‘सरकारी शिक्षकांना जमत नाही’ हे खरं नव्हे. मग त्याच राज्यात शाळेच्या नेहमीच्या वर्षात शिक्षकांना तेच प्रशिक्षण आणि तेच साहित्य दिलं. परिणाम दिसला नाही. शिक्षकांनी साहित्य वापरलं, पण मुलांचे पातळीप्रमाणे गट केले नाहीत. तास घंटेप्रमाणे, धडा पुस्तकाप्रमाणे चालू राहिला. स्वयंसेवक जोडीला दिल्यावर बिहारमध्ये फायदा झाला, कारण ते शाळेच्या वेळेबाहेर मुलांना घेऊन बसत होते. उत्तराखंडात स्वयंसेवक शाळेच्या नेहमीच्या कामात जिरून गेले. एक जादा माणूस मिळाला म्हणून त्याला वर्गावर पाठवलं. परिणाम शून्य.

मग २०१२-१३ मध्ये हरियाणात वेळापत्रकातच एक तास राखून ठेवला. त्या तासाला मुलं इयत्ता विसरून पातळीप्रमाणे बसणार. ज्या अधिकाऱ्यांनी देखरेख करायची त्यांनी आधी स्वतः पंधरा-वीस दिवस मुलांना शिकवून पाहिलं. हिंदी वाचनात ०.१५ ची वाढ मिळाली, सरकारी यंत्रणेतून. उत्तर प्रदेशात ‘प्रथम’च्या माणसांनी स्वयंसेवकांना सोबत घेऊन शाळेत शिबिरं चालवली, एकूण ५० दिवसांची. तिथे वाढ ०.६ ते ०.७.

पद्धत सगळीकडे एकच होती: मुलाच्या पातळीपासून सुरुवात करा. आकडे शून्यापासून ०.७ पर्यंत. ‘या पद्धतीची परिणामकारकता किती?’ या प्रश्नाला मग काय उत्तर द्यायचं? प्रश्नच चुकीच्या वस्तूला विचारलेला आहे. केनियातही असंच दिसलं. कंत्राटी शिक्षक नेमण्याचा एकच कार्यक्रम काही ठिकाणी स्वयंसेवी संस्थेने राबवला आणि काही ठिकाणी सरकारने, आणि ही वाटणीही यादृच्छिक होती. संस्थेकडे मुलं शिकली, सरकारकडे फरक दिसला नाही. हा बोल्ड आणि सहकाऱ्यांचा २०१८ चा पेपर.

मराठीत एक गंमत आहे. आपण प्रयोगशाळेतल्या प्रयोगालाही प्रयोग म्हणतो आणि नाट्यगृहातल्या प्रयोगालाही. पहिल्यात कुणी केला याने फरक पडू नये अशी अपेक्षा असते. दुसऱ्यात संहिता तीच असून शिवाजी मंदिरला रंगलेलं नाटक दौऱ्यावर पडू शकतं. शिक्षणातले प्रयोग आपण पहिल्या अर्थाने लिहितो, आणि घडतात ते बऱ्याचदा दुसऱ्या अर्थाने.

महाराष्ट्रात हे ‘प्रगत शैक्षणिक महाराष्ट्र’च्या वेळी दिसलं. जून २०१५ चा शासन निर्णय आला. साताऱ्याच्या कुमठे बीटमधल्या जिल्हा परिषद शाळा बघायला राज्यभरातून शिक्षक गेले, आणि परत येऊन वर्गाच्या फरश्या रंगवल्या. फरशीवरची चित्रं दिसतात, फोटोत येतात. त्या शाळांना जोडून ठेवणारी माणसं, आपसातल्या बैठका, वर्षानुवर्षांचं बोलणं, हे रंगाच्या डब्यातून नेता येत नाही.

आता होशंगाबाद. विज्ञान-खेळण्यांवर प्रबंध लिहिणाऱ्यांना हे माहीत असायलाच हवं. अरविंद गुप्तांचं काडेपेटीच्या काड्या आणि सायकलच्या व्हॉल्व्ह ट्यूबचं खेळणं सगळ्यांनी पाहिलेलं असतं: चौकोन दाबला की कलतो, त्रिकोण हलत नाही. ते पुण्याच्या आयुकामधल्या विज्ञान केंद्रातून महाराष्ट्रभर पोचलं. पण त्याचा जन्म झाला मध्य प्रदेशात, १९७८ च्या सुमाराला, किशोर भारती या संस्थेत गुप्ता राहिले होते तेव्हा. ही संस्था आणि रसूलियाचं फ्रेंड्स रूरल सेंटर या दोघांनी १९७२ मध्ये होशंगाबाद (आताचं नर्मदापुरम) जिल्ह्यातल्या १६ सरकारी माध्यमिक शाळांत विज्ञान शिकवण्याचा एक कार्यक्रम सुरू केला होता. तिथे माध्यमिक म्हणजे सहावी ते आठवी. टाटा मूलभूत संशोधन संस्था आणि दिल्ली विद्यापीठातले शास्त्रज्ञ शिक्षकांबरोबर बसून प्रयोग करून बघायचे. १९७८ मध्ये तो जिल्हाभर पसरला आणि १९८२ पासून ‘एकलव्य’ने सांभाळला.

या कार्यक्रमाला नुसतं ‘कृतियुक्त अध्यापन’ म्हणणं मला पटत नाही. ‘बाल वैज्ञानिक’ ही पुस्तकं होती, ज्यात प्रश्न आणि सूचना असायच्या, तयार उत्तरं नसायची. शाळेत स्वस्त साहित्याची पेटी होती. शिक्षकांसाठी उन्हाळ्यात तीन-तीन आठवड्यांची प्रशिक्षणं होती आणि वर्षभर मासिक बैठका, ज्यात ‘आमच्या वर्गात हा प्रयोग फसला’ हे बोलायला जागा होती. मुलांनी पत्रं पाठवावीत म्हणून सवालीराम नावाचं एक काल्पनिक पात्र होतं. मुलं त्याला मनात येईल ते विचारायची आणि उत्तरं जायची. आणि सगळ्यात महत्त्वाचं, परीक्षाच बदलली होती. पुस्तक उघडं ठेवून लिहायची परीक्षा, आणि सोबत प्रत्यक्ष प्रयोग. जिथे परीक्षा पाठांतर मागते तिथे शिक्षक कितीही खेळणी आणो, मार्चमध्ये ती कपाटात जाणार. होशंगाबादवाल्यांनी हे ओळखून मुळावरच हात घातला होता, आणि तोही सरकारी शाळेत, सरकारच्या परवानगीने. २००२ पर्यंत सुमारे हजार शाळा त्यात होत्या.

२००२ मध्ये मध्य प्रदेश सरकारने तो बंद केला. राजकारण होतं, स्थानिक कुरबुरी होत्या, त्यात मी शिरत नाही. आपल्या कामाचा आहे तो एक आक्षेप: ही मुलं पुढे बोर्डाच्या परीक्षेत मागे पडतात. संशोधक म्हणून याच्याकडे बघा. एक जिल्हा दुसऱ्या जिल्ह्याशी ताडून पाहायचा म्हटलं तर दोन जिल्ह्यांत रस्ते, शिक्षकांच्या रिकाम्या जागा, शिकवण्या, घरची परिस्थिती, शंभर गोष्टी वेगळ्या असतात. शिवाय कार्यक्रम आठवीला संपतो आणि दहावीची परीक्षा दोन वर्षांनी येते, तीही सगळ्या विषयांची. जो कार्यक्रम म्हणतो ‘मुलाने स्वतः मोजून, पडताळून मग मानावं’, त्याला पाठांतराच्या परीक्षेने तपासायचं म्हणजे शिंप्याच्या टेपने ताप मोजण्यासारखं आहे.

पण चाहत्यांनाही एक गोष्ट सांगायला हवी. १९७२ ते १९७८ या काळात १६ शाळा आत होत्या आणि जिल्ह्यातल्या बाकीच्या बाहेर. तुलना करायची ती वेळ होती. जिल्ह्यातल्या सगळ्या शाळा आत आल्यावर जिल्ह्याच्या आत तुलनेला कुणी उरलंच नाही. होशंगाबादवर पानंच्या पानं लिहिलेली आहेत, सुशील जोशींचं ‘जश्न-ए-तालीम’ तर वाचायलाच हवं. आतून काय चाललं होतं ते त्यातून जितकं कळतं, तितकं बालसखीच्या पेपरातून कधीच कळणार नाही. पण बंद करायला निघालेल्या सरकारपुढे ठेवायला ज्या प्रकारचा पुरावा लागतो, तो आठवणींमधून उभा राहत नाही. एका बाजूला आकडा आहे पण वर्गात काय घडलं ते धूसर, दुसऱ्या बाजूला वर्ग स्वच्छ दिसतो पण आकडा नाही. यातली एक बाजू निवडून दुसरीला नावं ठेवणं ही आपल्या विभागांमधली आवडती करमणूक आहे. क्वांटवाले आणि क्वालवाले. दोघांनीही हरियाणाच्या आधी बिहार आणि उत्तराखंडात काय फसलं ते वाचलं तर बरं. तिथे वर्गात बसून बघणाऱ्यांनीच सांगितलं की मुलांचे गट झालेच नाहीत, आणि त्यावरूनच पुढचा प्रयोग सुचला.

तर आठवी अ आणि आठवी ब. तुमच्याकडे शंभर शाळा नसणार, निधी नसणार, गाइड म्हणतील दोनच तुकड्या घ्या. ठीक आहे. पण वडोदऱ्याची अदलाबदल दोन तुकड्यांतही करता येते. चार घटक निवडा. पहिला घटक अ मध्ये प्रयोगांनी, ब मध्ये नेहमीसारखा. दुसऱ्याला उलट. घटकांची वाटणी चिठ्ठ्या टाकून. म्हणजे अ तुकडी मुळातच हुशार आहे का, हा प्रश्न बराचसा मिटतो. अ ने एका घटकात लागलेली सवय पुढच्या घटकात नेली तर फरक कमी दिसेल, ते प्रबंधात लिहून टाका. स्वतः शिकवू नका, दोन्ही तुकड्यांना शाळेतल्या एकाच बाई शिकवतील असं बघा. तुम्ही मागच्या बाकावर वही घेऊन बसा: साहित्य कुणी आणलं, मांडायला किती मिनिटं गेली, तास अपुरा पडला तेव्हा बाईंनी काय गाळलं. चाचण्या दोन ठेवा. एक शाळेची नेहमीची घटक चाचणी, जी तुम्ही केलेली नाही. दुसरी हातात साहित्य देऊन करायची. आणि ऑगस्टमध्ये काम संपलं तर दिवाळीच्या सुट्टीनंतर, न सांगता, दोन्ही पुन्हा घ्या. तेव्हा फरक उरला नसेल तर तोही तक्ता प्रबंधात घालायचा, गाइडने काढायला सांगितला तरी.